निळसर-राखाडी पानांची झाडं कोकणात टिकवायची तर

कोकणात ही झाडं मरताना दिसतात जुलै-ऑगस्टात. चूक मात्र बहुतेक वेळा आधीच होऊन गेलेली असते. कुंडीत भरलेली माती चुकलेली असते, नाहीतर मिरगाच्या पहिल्या सरीबरोबर रोप हौसेने नर्सरीतून उचलून आणलेलं असतं. आंबा, काजू, जास्वंद, अबोली असं सगळं मिरगात लावायची आपल्याकडे रीत आहे, आणि याच झाडांना नेमका तोच मुहूर्त मानवत नाही. त्यांचं वर्ष दसऱ्याला सुरू होतं असं धरा आणि खालच्या पायऱ्या दिलेल्या क्रमानेच करा. रोप आधी आणून जागा, माती, छप्पर मागाहून शोधत बसलात, तर तोवर ते रोप पागोळीखाली कुजत पडलेलं असतं.

## 1. राखाडीपणा कशाचा आहे ते ओळखा

केळीच्या पानाची पाठ अंगठ्याने घासून बघा. बोटाला पांढरट भुकटी लागते आणि खालचं हिरवं पान उघडं पडतं. ती भुकटी म्हणजे मेण. घायपात, एकेव्हेरिया, घोस्ट प्लांट, ब्लू चॉक स्टिक, ब्लू टॉर्च कॅक्टस, बिस्मार्क पाम या सगळ्यांचा निळेपणा याच मेणाचा. पानाच्या आत निळा रंग नसतो. मेणाचे बारीक कण प्रकाश विखुरतात, म्हणून हिरवं पान निळसर दिसतं. हे मेण ऊन अडवतं आणि पानातलं पाणी धरून ठेवतं. पूर्ण वाढलेल्या पानावरचं मेण एकदा पुसलं गेलं की तिथे पूर्ववत भरून येत नाही. ते पान गळून नवं येईपर्यंत डाग तसाच राहतो.

दुसरा प्रकार लवेचा. डस्टी मिलर, मखमली पानांचा पांडा कलांचो, चंदेरी कोनोकार्पस यांच्या पानांवर बारीक पांढरे केस असतात. बोट फिरवलं तर भुकटी येत नाही, कापड चाचपल्यासारखं लागतं. ही लव पावसाचं पाणी धरून ठेवते. म्हणून मऊ पानांची लवेची रोपं आपल्या पावसाळ्यात मेणवाल्यांच्याही आधी सडतात. डस्टी मिलर तर हिवाळी हंगामाचं रोप समजूनच लावा. नोव्हेंबरात आणा, मेपर्यंत बघा आणि पुढची आशा ठेवू नका.

तिसरा प्रकार फसवणुकीचा. कॅक्टस आणि रसाळ रोपांवर (म्हणजे पाना-खोडात पाणी साठवणाऱ्या रोपांवर) निळा किंवा चंदेरी रंग फवारून ती विकली जातात. रंगाखाली पानाला उजेड मिळत नाही आणि रोप हळूहळू खंगतं.

तपासा: रोपाच्या मधला कोवळा कोंब बघा. मेण खरं असेल तर कोंबावर ते सगळ्यात दाट असतं. कोंब साधा हिरवा आणि जुनी पानं मात्र गडद निळी, काट्यांवर नि कुंडीच्या काठावरही निळे ठिपके, असं असेल तर तो रंग आहे.

## 2. झाड जागेप्रमाणे निवडा

इथे लोक सगळ्यात जास्त घसरतात, कारण फोटो बघून झाड ठरवतात. झाड मूळचं कुठलं, हे आधी विचारा. कॅक्टस आणि बरीच रसाळ झाडं पाना-खोडांवरची रंध्रं, म्हणजे हवा घ्यायची बारीक छिद्रं, रात्री उघडतात, आणि त्यासाठी त्यांना गार रात्र लागते. मेक्सिकोच्या डोंगराळ भागातल्या एकेव्हेरियाला ती तिकडे मिळते. आपल्याकडे मे महिन्यात रात्रीही पारा 25-26 अंशांच्या खाली जात नाही आणि हवा ओली असते. एकेव्हेरिया इथे रडतखडत जगते ती याच कारणाने. ब्लू टॉर्च मात्र पूर्व ब्राझीलच्या उष्ण, अर्धकोरड्या भागातला आहे. त्याला आपला उकाडा चालतो, फक्त पाऊस चालत नाही.

यावरून माझी वाटणी अशी:

उघड्यावर राहतील: मोठा राखाडी घायपात, फड्या निवडुंगाच्या निळसर जाती, बिस्मार्क पाम. तिन्ही उंचवट्यावर हवीत. पावसात घायपाताचं थोडं मेण झडतं, पण झाड मरत नाही.

छपराखाली नीट राहतील: ब्लू टॉर्च, मिर्टिलोकॅक्टस (हाही निळसर निवडुंगच), घोस्ट प्लांट, बिनकाट्यांचा फॉक्सटेल घायपात, मादागास्करचा निळसर कलांचो. पहिल्यांदाच लावणार असाल तर घोस्ट प्लांट आणि हा कलांचो यांच्यापासून सुरुवात करा. थोडं दुर्लक्ष झालं तरी दोन्ही सांभाळून घेतात.

छपराखालीही हट्टीपणा करतील: एकेव्हेरिया, ब्लू चॉक स्टिक, पॅकिफायटम (जाड, गुबगुबीत पानांचं रसाळ रोप). हाताला सवय झाल्यावर आणा.

आणूच नका: ब्लू स्प्रूस, ब्लू फेस्क्यू गवत, निळ्या पानांची थंड डोंगराळ निलगिरी. ब्लू स्प्रूस अमेरिकेच्या रॉकी पर्वतातलं झाड आहे. दापोलीच्या थंडीला आपण थंडी म्हणतो, ते झाड म्हणणार नाही. याच्या बिया ऑनलाइन स्वस्तात मिळतात आणि कधीकधी उगवतातही, पण पुढे काही होत नाही.

चंदेरी कोनोकार्पसबद्दल वेगळं सांगतो. खारा वारा सोसण्यात त्याच्या तोडीचं झाड क्वचितच मिळेल. पण कोनोकार्पसच्या लागवडीवर गुजरात सरकारने 2023 मध्ये बंदी घातली, आणि परागकणांचा त्रास व मुळांनी जमिनीखालच्या वाहिन्यांचं नुकसान हे त्यामागचे आक्षेप आपल्या अंगणालाही लागू आहेत. मी ते लावा असं सांगत नाही.

इशारा: घायपाताच्या पानाचं टोक डोळ्याच्या उंचीवर येतं आणि त्याचा चीक अंगाला लागला की आग होते. पायवाट, तुळशीवृंदावन आणि मुलांची खेळायची जागा यांपासून किमान दीड-दोन मीटर लांब लावा. छाटताना पूर्ण बाह्यांचा सदरा, हातमोजे आणि चष्मा घाला.

## 3. जागा आणि छप्पर, रोप आणण्याआधी

कोकणात जून ते सप्टेंबरात साधारण 2500 ते 3500 मिलिमीटर पाऊस पडतो आणि तो सरळ पडत नाही. नैर्ऋत्येकडून झड येते. पडवीत ठेवलेल्या कुंड्या म्हणूनच भिजतात, डोक्यावर कौलं असली तरी. कुंड्यांच्या पश्चिमेला किंवा दक्षिणेला घराची भिंत आड येईल अशी, म्हणजे घराच्या पूर्वेच्या किंवा ईशान्येच्या बाजूची जागा निवडा. तिथे सकाळचं चार-पाच तास ऊन मिळालं पाहिजे.

पावसाआधी पडवीला झापं, म्हणजे नारळाच्या विणलेल्या झावळ्या, बांधायची पद्धत आहे. माणसांना ती सोयीची, पण झापांमागे ठेवलेली रोपं पंधरा दिवसांत उजेडाकडे माना काढून लांबतात. पान हिरवं, पातळ आणि विरळ होतं. निळी ताडपत्रीही तशीच निरुपयोगी. छप्पर पारदर्शकच हवं: पॉलिहाऊसवर वापरतात ती 200 मायक्रॉनची यूव्ही फिल्म किंवा पारदर्शक पॉलीकार्बोनेट पत्रा. उंची निदान सात फूट, उतार चांगला आणि झडीची बाजू सोडून बाकी बाजू मोकळ्या. चारी बाजू बंद केल्यात तर आत वाफ कोंडते आणि रोपं पावसाविनाच कुजतात. पंख्याच्या भरवशावर बंदिस्त शेड बांधू नका. पंख्याची खरी गरज असते त्याच रात्री लाईट गेलेली असते.

छप्पर बांधून टाका, नुसतं टेकवू नका. 3 जून 2020 ला निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर आदळलं आणि त्याच्या पुढच्याच वर्षी मे महिन्यात तौक्ते आपल्या किनाऱ्याला समांतर वर गेलं. दोन्ही वादळं नेमाचा पाऊस सुरू व्हायच्या आधीची. म्हणजे शेडची डागडुजी मेअखेरवर ढकलून चालत नाही, एप्रिलमध्येच उरकायची.

तपासा: एखाद्या पावसाळी दिवशी कुंड्यांच्या जागी कोरडा वर्तमानपत्राचा कागद दगडाखाली ठेवा. संध्याकाळी ओला झाला तर झड पोचते. पागोळी कुठे पडते तेही बघा. पागोळीच्या रेषेपासून कुंड्या दोन फूट आत हव्यात.

## 4. मिश्रण

अर्धी झाडं या पायरीवर वाचतात किंवा जातात, म्हणून घाई नको.

परसातली तांबडी माती कुंडीत घालू नका. ओली झाली की चिकट लगदा होतो आणि वाळली की कुंडीच्या आकाराचं ढेकूळ. नर्सरीतलं कोकोपीटही नको. पावसाळी हवेत ते आठवडेच्या आठवडे ओलं राहतं. किनाऱ्यावरची वाळू तर नकोच नको. तिच्यात मीठ असतं, शिंपल्यांचा चुरा असतो आणि ती इतकी बारीक असते की पाणी धरून बसते.

जे हवं ते बहुतेक घराच्या आसपास सापडतं. जुन्या मंगळुरी कौलांचे तुकडे कुटून घ्या. चिऱ्याच्या खाणीवर जांभ्याचा चुरा पडलेला असतो, तोही चालतो. दोन्ही सच्छिद्र असतात, थोडा ओलावा धरतात आणि बाकीचं पाणी सोडून देतात. पण चाळणं चुकवू नका. मैद्याच्या चाळणीतून जी भुकटी पडते ती सगळी फेका आणि वर उरतील ते तुरीच्या डाळीपासून हरभऱ्याएवढे तुकडे ठेवा. जांभ्याची भुकटी कुंडीत राहिली तर तीच मातीचा लगदा करते.

प्रमाण घमेल्याने मोजा:

- कौलाचे किंवा जांभ्याचे चाळलेले तुकडे: 3 भाग
- धुतलेली जाड नदीची वाळू किंवा बारीक कपची: 1 भाग
- पूर्ण कुजलेलं, चाळलेलं शेणखत किंवा पालापाचोळ्याचं खत: 1 भाग
- जळलेलं भाताचं तूस: अर्धा भाग

कॅक्टससाठी खत अर्ध्या भागावर आणा. क्रश सँड वापरणार असाल तर पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवा, तिच्यात दगडाची पीठ झालेली पूड भरपूर असते. निंबोळी पेंड घालायची असेल तर मूठभरच, आणि ती हिवाळ्यात. पावसाळ्याच्या तोंडावर घातली की तिच्यावर बुरशी येते.

तपासा: मिश्रण ओलं करून मुठीत दाबा. मूठ उघडल्यावर गोळा सुटून पडला पाहिजे. मग छिद्राच्या कुंडीत भरून वरून तांब्याभर पाणी ओता. पाणी वर साचून राहिलं तर चाळणी नीट झालेली नाही, परत करा.

कुंडी मातीची, न चकाकणारी आणि मुळांच्या गड्ड्यापेक्षा दोन-तीन सेंटिमीटरच मोठी. “मोठ्या कुंडीत झाड मोठं होईल” या विचाराने मोठी कुंडी घेतली, तर जिथे मुळं पोचत नाहीत तिथली माती ओली राहते आणि कूज तिथूनच सुरू होते. तळाशी खडीचा थर घालायची जुनी सवयही सोडा. बारीक मिश्रणातलं पाणी खालच्या मोठ्या खडीत सहज उतरत नाही, थराच्या वर अडून बसतं. म्हणजे ओला भाग उलट मुळांच्या जवळ येतो. छिद्रावर मच्छरदाणीच्या जाळीचा तुकडा पुरे. खाली ताटली ठेवू नका. कुंडी दोन विटांवर, छिद्र मोकळं राहील अशी ठेवा.

## 5. आणणं, वाळवणं, लावणं

खरेदीचा काळ ऑक्टोबरचा दुसरा पंधरवडा ते जानेवारी. हस्ताचा पाऊस सरू द्या. या दिवसांत आणलेल्या रोपाला मुळं धरायला चार ते सात कोरडे महिने मिळतात. जूनमध्ये आणलेल्या रोपाला एक आठवडाही मिळत नाही.

क्रम असा ठेवा:

पहिल्या दिवशी रोप कुंडीतून काढा. पानांना हात लावू नका. रोप बुंध्याशी धरा किंवा कागदाच्या पट्टीच्या झोळीत उचला. निवडुंग असेल तर जाड घडी केलेलं वर्तमानपत्र घ्या. फड्याचे बारीक केसाळ काटे हातमोज्यातूनही घुसतात आणि दिसत नाहीत.

कोकोपीट बोटांनी हलकेच झाडून टाका. मुळांच्या मधोमध कधीकधी जाळीची किंवा स्पंजची छोटी पिशवी असते, ती कात्रीने कापून काढा. ती राहिली तर मुळं तिच्यातच घुटमळतात. मुळांमध्ये पांढरी कापसासारखी भुकटी दिसली तर ते मुळांवरचे पिठ्या ढेकूण. असं रोप बाकीच्यांपासून वेगळं करा, मुळं धुवा आणि खराब झालेली छाटा.

मग रोप सावलीत, वारं खेळेल अशा जागी उघड्या मुळांनी ठेवा. रसाळ रोपाला तीन-चार दिवस पुरतात, कॅक्टसला आठवडा. कुरियरने आलेली रोपं मुळं उघडी करून, कागदात गुंडाळून पाठवतात. त्यांनाही हेच. ती सुकलेली दिसतात म्हणून लोक आल्या आल्या पाण्यात बुडवतात, आणि वाटेत तुटलेल्या मुळांतून कूज आत शिरते.

लावताना बुंधा आधी होता तेवढाच खोल ठेवा. वर कपचीचा एक-दोन सेंटिमीटरचा थर द्या, म्हणजे मान कोरडी राहते आणि पाणी घालताना माती पानांवर उडत नाही. पहिलं पाणी आठवड्यानंतर.

इशारा: लावल्यावर पानांवर उडालेली माती ओल्या फडक्याने पुसू नका. मेण जाईल. कोरड्या मऊ ब्रशने किंवा फुंकरीने उडवा.

### जमिनीत लावायचं असेल तर

सड्यावर किंवा कातळावर घर असेल तर हापूसच्या कलमासाठी मारतात तसा खड्डा मारू नका. कातळातला खड्डा पावसाळ्यात हौद होतो, आणि त्यात शेणखत भरलेलं असलं तर मुळं महिनाभरात काळी पडतात. खड्ड्याऐवजी जमिनीवर दीड-दोन फूट उंच ढीग घाला: जांभ्याचे तुकडे, खडी आणि थोडी माती. घायपात नि फड्या त्या ढिगावर लावा.

बिस्मार्क पामला खड्डा लागतोच. मग उताराच्या बाजूने तळाच्या पातळीपर्यंत चर फोडा, म्हणजे साचलेलं पाणी बाहेर पडेल. खड्डा भरल्यावरही रोप भोवतालच्या जमिनीपेक्षा वीतभर वर आलं पाहिजे. या एका झाडाची लागवड मात्र सप्टेंबरअखेर करा. जमीन उबदार आणि ओलसर असते, मुसळधार सरलेली असते. पाम कुंडीतच वाढलेला घ्या. जमिनीतून उपटून गड्डा बांधलेला मोठा पाम स्वस्त वाटला तरी घेऊ नका, मुळं दुखावली की बिस्मार्क सहसा सावरत नाही. पानाचा पंखा तीन मीटरपर्यंत रुंद होतो, तेव्हा भिंत, विजेची तार आणि दुसरं झाड यांपासून पाच-सहा मीटर सोडा. लहान रोप फारसं निळं दिसत नाही, जांभळट झाक असते. दोन-चार पंख्यांनंतर निळेपणा कळतो. हिरवी जातही असते, म्हणून एवढा धीर नसेल तर निळा पंखा दिसणारंच रोप निवडा.

नारळाच्या बागेत लावत असाल तर कोंब अधूनमधून बघत राहा आणि शेणखताचा उघडा ढीग जवळ ठेवू नका. गेंड्या भुंग्याच्या अळ्या त्यातच वाढतात.

## 6. उन्हाची सवय

नर्सरीतलं रोप शेडनेटखाली वाढलेलं असतं. आणल्या दिवशी उन्हात ठेवलं तर पानांवर तपकिरी, खरखरीत चट्टे पडतात आणि ते जात नाहीत. पहिला आठवडा उजेड पण थेट ऊन नाही. दुसरा आठवडा सकाळी नऊपर्यंतचं ऊन. मग दर आठवड्याला तासभर वाढवा. नोव्हेंबरात सुरू केलंत तर संक्रांतीपर्यंत घायपात, ब्लू टॉर्च, फड्या पूर्ण उन्हात येतात.

मार्च ते मे एकेव्हेरिया, घोस्ट प्लांट आणि पॅकिफायटमवर 35 ते 50 टक्क्यांची शेडनेट दुपारपुरती ताणा. बाकीच्यांना गरज नाही. निळेपणा उन्हातच दाट होतो. रोप हिरवं पडलं म्हणून खत घालणारे बरेच असतात. नत्र जास्त झालं तर पान मऊ, मोठं आणि अजून हिरवं होतं. खत नोव्हेंबर ते फेब्रुवारीत एकदा, फार तर दोनदा, आणि तेही पातळ. या विषयावर याहून जास्त बोलण्यासारखं काही नाही.

## 7. पाणी

ठरावीक वार लावून पाणी घालू नका. उदबत्तीची जळून उरलेली काडी कुंडीत तळापर्यंत खुपसा, मिनिटभराने काढा. काडी ओलसर निघाली किंवा तिला माती चिकटली तर थांबा. साधारण अंदाज म्हणून: नोव्हेंबर-फेब्रुवारीत रसाळ रोपांना आठ-दहा दिवसांनी, कॅक्टसना दोन आठवड्यांनी, मार्च-मेमध्ये रसाळ रोपांना पाच-सहा दिवसांनी, कॅक्टसना आठवड्याने. घालाल तेव्हा छिद्रातून वाहीपर्यंत घाला. रोज चमचा-चमचा घालण्यात वरची माती ओली आणि तळची मुळं कोरडी, असा उलटा प्रकार होतो.

पाणी मातीत घाला, पानांवर नाही. एकेव्हेरियाच्या मधल्या वाटीत पाणी राहिलं आणि वर दुपारचं ऊन आलं तर कोंब खराब होतो. पडलंच तर फुंकून काढा.

किनाऱ्यालगतच्या बऱ्याच विहिरींचं पाणी एप्रिल-मेमध्ये मचूळ होतं. त्या पाण्याने कुंडीच्या काठावर पांढरा थर चढतो आणि पानांची टोकं करपतात. ते महिने पिण्याच्या नळाचं पाणी वापरा. निवळ पावसाचं पाणी झाकलेल्या पिंपात साठवून ठेवलं असेल तर उत्तमच.

## 8. पावसाळा

मेच्या तिसऱ्या आठवड्यात शेवटचं भरपूर पाणी द्या. मग कुंड्या कोरड्या होऊ द्या आणि मिरगाआधी, म्हणजे 7 जूनपूर्वी, छपराखाली हलवा. पाऊस सुरू झाल्यावर हलवायचं म्हणजे भिजलेली कुंडी दमट हवेत न्यायची, आणि ती मग नारळी पौर्णिमेपर्यंत वाळत नाही.

हलवताना प्रत्येक कुंडी तपासा: खालची वाळलेली पानं काढा, कारण बुरशी तिथून सुरू होते, छिद्र बुजलंय का बघा, दोन कुंड्यांत वीतभर अंतर ठेवा.

जून ते सप्टेंबर पाणी जवळजवळ बंद. कॅक्टसला आर्द्रेपासून मघेपर्यंत काहीच नको. रसाळ रोपांची खालची पानं सुरकुतली, काडी पूर्ण कोरडी निघाली आणि दोन दिवस उघडीप असली, तरच कुंडीच्या कडेने अर्धा पेला. नुसत्या सुरकुत्यांवर विश्वास ठेवू नका. मुळं कुजली तरी पान सुरकुततं, आणि त्यावर पाणी घातलं की खेळ संपतो. फरक असा: तहानलेलं पान मऊ पण अपारदर्शक असतं, कुजणाऱ्या रोपाचं पान पिवळट, पाणीदार होतं आणि हात लागताच गळतं.

श्रावणात ऊन-पाऊस सुरू झाला की कुंड्या बाहेर-आत करायचा मोह होतो. नको. दीड महिना मळभात राहिलेलं पान दोन तासांच्या उन्हात भाजतं. छपराखालीच असू द्या. दसऱ्यानंतर पायरी 6 पुन्हा पहिल्यापासून करा. ऑक्टोबरचं ऊन मेपेक्षा सौम्य समजू नका.

पावसाळ्यानंतर रोपं हिरवट दिसतील. उजेड कमी मिळाला की मेणही कमी तयार होतं. डिसेंबरात येणारी नवी पानं निळी असतील.

इशारा: सुपारीवर कोळेरोगासाठी बोर्डो मिश्रण फवारतात तेव्हा खालच्या कुंड्या झाका. त्याचे निळसर ओघळ मेणावर बसतात, आणि ते धुवायला गेलात की मेणही जातं.

दर आठ दिवसांनी तपासा: बुंधा दोन बोटांनी हलकेच दाबा. कडक लागला तर ठीक. मऊ लागला तर त्याच दिवशी कापा. सुरी स्पिरिटने पुसून, कुजलेल्या भागाच्या वर, कापलेल्या तोंडावर तपकिरी कडं किंवा ठिपका दिसणार नाही तिथपर्यंत वर वर कापत जा. प्रत्येक कापाआधी सुरी पुसा. स्वच्छ तोंडाला गंधकाची पूड लावा आणि शेंडा घरात कोरड्या फळीवर, कागदावर उभा टेकवून ठेवा. पावसाळ्यात जखम सुकायला दुप्पट दिवस लागतात, म्हणून दोन-तीन आठवडे मातीत लावू नका. कुजलेला भाग आणि ती माती खताच्या खड्ड्यात टाकू नका.

## 9. कीड

पिठ्या ढेकूण पांढरे असतात आणि मेणही पांढरं, म्हणून लोक ढेकणाला मेण समजून सोडून देतात किंवा मेणाला कीड समजून औषध फवारतात. मेण पानभर सारखं पसरलेलं असतं. ढेकूण पानांच्या बेचक्यात, काट्यांच्या मुळाशी गुठळ्यांनी बसतात, आणि जवळ मुंग्यांची ये-जा असते. मुंग्यांची रांग दिसली की पानं उघडून बघाच.

कापसाची काडी 70 टक्क्यांच्या आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये बुडवून फक्त ढेकणावर टेकवा. संध्याकाळी करा, उन्हात नाही. साबणाचं पाणी, निंबोळी तेल, भांडी घासायच्या लिक्विडचं द्रावण ही घरोघरची औषधं या झाडांवर फवारू नका. कीड जाते, निळेपणाही जातो, आणि मेण गेलेलं पान पुढच्या उन्हात करपतं.

पावसाळ्यात आफ्रिकन गोगलगायी रात्री येतात आणि एकेव्हेरिया बुंध्यापर्यंत खातात. बॅटरी घेऊन रात्री वेचा, हातमोजे घालून. कुंडीभोवती मीठ टाकू नका, ते विरघळून मातीत उतरतं. माकडांवर माझ्याकडे उपाय नाही. ती रसाळ पानं चावून बघतात, आवडत नाहीत, म्हणून पुढचं रोप चावून बघतात. जाळी लावता आली तर लावा.

## 10. पिल्लं आणि फाटे

हे काम नोव्हेंबर ते जानेवारी. घायपाताची पिल्लं मुळांसकट कापून घ्या. घायपात आयुष्यात एकदाच फुलतो आणि मग मरतो, त्यामुळे दांडा निघायच्या आधीच दोन पिल्लं कुंडीत असू द्या. घोस्ट प्लांटचं पान बुंध्यापासून पूर्ण सुटलं पाहिजे. अर्धं तुटलेलं पान मुळं धरत नाही. पानं चार-पाच दिवस सुकवून मिश्रणावर नुसती ठेवा, पुरू नका. मुळं दिसू लागली की मग हलका फवारा. कलांचोचे शेंडे तीन-चार दिवस सुकवून लावले की पुरे.

ब्लू टॉर्चचा फाटा कापला तर जखम पूर्ण कडक होईपर्यंत दोन आठवडे सावलीत उभा ठेवा. आडवा ठेवलात तर तो उजेडाकडे वाकतो आणि बगलेतून मुळं सोडतो. लावल्यावर मुळं धरेपर्यंत बांबूच्या दोन काड्यांचा आधार द्या आणि ओढून बघायचा मोह टाळा. महिन्याभराने शेंड्यावर नवा, गडद निळा भाग दिसू लागला की मुळं लागली. पाणी तेव्हापासून.

बिस्मार्कला पिल्लं येत नाहीत, बीच लागतं. बी रुजताना आधी एक लांब देठ खोल खाली सोडतं आणि कोंब त्याच्या टोकापासून वर येतो. म्हणून उथळ ट्रे नको. निदान फूटभर खोल पिशवी घ्या आणि बी पेरल्यावर ते रुजलं का हे बघायला उकरू नका. वाढलेल्या पामचे पंखे मात्र पूर्ण वाळून तपकिरी झाल्यावरच कापा. खालचा पंखा नुसता पिवळा पडला म्हणून कापलात, तर त्यातून वरच्या पंख्यांना जाणारं पोटॅश तुटतं आणि त्याच्या वरचा पंखा पिवळा पडायला लागतो.